मिझोगुचीचा 'ताकी नो शिराइतो' (१९३३): वारंवार विचारले जाणारे प्रश्न

गेल्या काही वर्षांत हा जपानी मूकपट मी घरी, मित्रांकडे, एकदा तर सोसायटीच्या गच्चीवर चादर लावून बऱ्याच जणांना दाखवला. सिनेमा संपला की थोडा वेळ कोणी बोलत नाही, मग प्रश्न सुरू होतात आणि ते बहुतेक तेच असतात. म्हणून उत्तरं एकदाच नीट लिहून ठेवतो आहे. गोष्टीचा शेवट खाली सांगितला आहे. तो आधी कळायला नको असेल, तर आधी सिनेमा बघा आणि मग इकडे या.

हा सिनेमा कोणाचा?

दिग्दर्शक केंजी मिझोगुची. साल १९३३. निर्मिती 'इरिए प्रॉडक्शन'ची, म्हणजे नायिका इरिए ताकाको हिच्या स्वतःच्या संस्थेची. नायक ओकादा तोकिहिको, छायाचित्रण मिकी शिगेरू. 'किनेमा जुन्पो' या जपानी मासिकाच्या त्या वर्षीच्या यादीत याला दुसरा क्रमांक मिळाला; पहिला यासुजिरो ओझू या दिग्दर्शकाच्या सिनेमाला होता.

नावाचा अर्थ काय?

'ताकी' म्हणजे धबधबा आणि 'शिराइतो' म्हणजे पांढरा दोरा. धबधब्याचे पांढरे धागे. हे नायिकेचं रंगमंचावरचं नाव. तिचं खरं नाव मिझुशिमा तोमो.

ती 'मिझुगेई' करते, म्हणजे पाण्याचे खेळ. हातातल्या पंख्याच्या टोकातून, तलवारीच्या पात्यावरून पाण्याच्या बारीक चिळकांड्या उडतात, संगीताच्या तालावर चालू होतात, बंद होतात. रंगमंचाखालून आणि कपड्यांच्या आतून नळ्या फिरवलेल्या असतात, खाली बसलेली माणसं पाणी सोडतात नि रोखतात. प्रेक्षकाला दिसते ती फक्त हसऱ्या चेहऱ्याने पंखा फिरवणारी बाई. ही करमणूक उन्हाळ्याची. कडाक्याच्या थंडीत पाण्याचे तुषार बघायला पैसे देऊन कोण येणार? ही बाब लक्षात ठेवा, कारण पुढची सगळी पडझड इथूनच सुरू होते.

गोष्ट थोडक्यात सांगाल का?

सांगतो. काळ मेइजी राजवटीचा, एकोणिसाव्या शतकाची अखेर. जपानच्या पश्चिम किनाऱ्याकडच्या भागात किन्या नावाचा गरीब तरुण घोडागाडी हाकतो. त्याच्या गाडीत शिराइतो बसलेली आहे. एक हातरिक्षा गाडीला मागे टाकून पुढे जाते, प्रवासी कुरकुरतात, ती त्याला डिवचते. तो इरेला पेटतो, घोडा पिटाळतो आणि गाडी मोडते. मग बाकीच्यांना रस्त्यात सोडून तो तिला एकटीला घोड्यावर घेऊन निघतो. या पराक्रमात त्याची नोकरी जाते.

पुढे एका रात्री कानाझावा शहरात पुलावर झोपलेला माणूस तिला दिसतो. तो किन्याच. त्याला कायदा शिकायचा आहे, पैसे नाहीत. ती म्हणते, तू तोक्योला जा, खर्च मी करीन. मागणं एकच: मोठा माणूस हो.

ती शब्द पाळते. महिन्यामागून महिने पैसे जातात. मग हिवाळा येतो, खेळ बसतात, मंडळीतली माणसं अडचणीत येतात. ती स्वतःच्या ओढगस्तीतही एका तरुण जोडप्याला पळून जायला मदत करते. शेवटी किन्यासाठी ती इवाबुची नावाच्या सावकाराकडून ३०० येन घेते. घरी परतताना नानकिन या सुरेफेक्याची टोळी ते पैसे लुटते. लुटीमागे सावकारच आहे हे कळल्यावर ती त्याच्या घरी परत जाते आणि झटापटीत तिच्या हातून त्याचा खून होतो.

खटला उभा राहतो. सरकारपक्षातर्फे समोर येतो तो नुकताच नेमणूक झालेला किन्या. ती सगळं कबूल करते आणि जीभ चावून मरते. जिथे त्यांचं बोलणं झालं होतं त्या पुलावर येऊन तो स्वतःला संपवतो.

यात कर्ज नेमकं कोणाचं आणि कोणावर?

मला विचाराल तर सगळा सिनेमा या प्रश्नात आहे. आणि इथे मराठी प्रेक्षकाला एक सोय आहे, कारण आपल्याकडे दोन शब्द आहेत: कर्ज आणि ऋण.

शिराइतोने सावकाराकडून घेतलं ते कर्ज. त्याला रक्कम आहे, मुदत आहे, देणारा-घेणारा आहे. किन्यावर आहे ते ऋण. त्याला आकडा नाही. तिने पाठवलेले येन मोजून परत केले तरी ते फिटत नाही. आपण 'आईवडिलांचं ऋण' म्हणतो. 'आईवडिलांचं कर्ज' म्हटलं तर ते बँकेचे हप्ते वाटतात. जपानीत या ऋणाला 'ओन' म्हणतात आणि त्यापोटी येणाऱ्या बांधिलकीला 'गिरी'. मेइजी काळातली नाटकं, कादंबऱ्या या शब्दांवरच उभ्या आहेत.

आता कोर्टात काय होतं बघा. कायद्याच्या चौकटीत फक्त कर्ज बसतं: इतके पैसे, अमुक तारीख, तमुक सुरा. ऋणाला तिथे रकाना नाही. आणि त्या चौकटीचा जाणकार म्हणून जो माणूस उभा आहे, त्याचं शिक्षणच त्या ऋणातून झालेलं आहे. तिच्याविरुद्ध तो जे जे कलम वापरील, ते शिकण्याची फी तिने भरलेली आहे. इतकी घट्ट गाठ मी फार कमी गोष्टींत पाहिली आहे.

आणि शिराइतो? तिला तो त्या जागी बसलेला दिसतो याचंच समाधान वाटतं. तिने मागितलं होतं ते झालं, तो मोठा माणूस झाला. आमच्या घरी सिनेमा बघताना माझी आत्या इथे एकदम म्हणाली, "अगं बाई, हिचं वसूल झालं की!" मला याहून नेमकं बोलता येणार नाही.

३०० येन म्हणजे किती?

१८९०च्या दशकात जपानमध्ये नव्याने भरती झालेल्या पोलीस शिपायाला महिन्याला आठ-नऊ येन मिळत. म्हणजे जवळजवळ तीन वर्षांचा पगार.

गंमत म्हणजे मिझोगुचींच्या १९३६च्या 'नानिवा एरेजी'मध्येही एका मुलीची फरफट ३०० येनपायीच होते. तिच्या बापाने अफरातफर केलेली रक्कम तेवढीच.

तेव्हा सावकारीवर कायदा नव्हता का?

होता. जपानने १८७७ मध्येच व्याजावर मर्यादा घातली होती: मुद्दल १०० येनच्या आत असेल तर वर्षाला २० टक्के, १०० ते १००० येनपर्यंत १५ टक्के, त्यावर १२ टक्के. हिशेबाने शिराइतोच्या कर्जाला १५ टक्क्यांची मर्यादा लागली असती. पण इवाबुची तिच्याकडे व्याज मागतच नाही. गरजेला आलेली एकटी बाई हेच त्याचं तारण. दर ठरवणारा कायदा या व्यवहारापर्यंत पोचूच शकत नव्हता.

गावाकडचं चित्रही काही बरं नव्हतं. १८८०च्या दशकात रेशमाचे भाव कोसळले, शेतकरी सावकारांच्या कचाट्यात सापडले आणि नोव्हेंबर १८८४ मध्ये चिचिबू भागात हजारो लोक उठले, सावकारांच्या घरांवर चालून गेले. आपल्याकडे १२ मे १८७५ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला हेच झालं होतं. दोन्हीकडे लोकांचा पहिला राग कागदांवर निघाला: गहाणखतं, कर्जरोखे, वह्या. दख्खनच्या दंग्यांनंतर १८७९ मध्ये इंग्रज सरकारला शेतकऱ्यांच्या संरक्षणासाठी कायदा करावा लागला.

शिराइतोच्या बाबतीत जाळायला कागदही नाही.

किन्या न्यायाधीश आहे की सरकारी वकील?

सरकारी वकील. पण काही वर्णनांत 'न्यायाधीश' लिहिलेलं असतं आणि सिनेमा बघूनही तसं वाटू शकतं. दुसऱ्या महायुद्धापूर्वीच्या जपानी कोर्टात सरकारी वकील न्यायाधीशांच्याच पातळीवर, उंच मंचावर बसत. आरोपी आणि त्याचा वकील खाली. त्यामुळे शिराइतो मान वर करून बघते तेव्हा तिला किन्या न्यायासनावरच दिसतो. हे माहीत असलं की तो प्रसंग वेगळाच वाटतो.

त्याने खटला दुसऱ्याकडे का नाही सोपवला?

हा सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न, आणि तो रास्त आहे. आज कुठल्याही सरकारी वकिलाने आरोपीशी असं नातं लपवून खटला चालवला तर गहजब होईल.

पण गोष्टीच्या आतून बघा. त्याने अंग काढून घेतलं तर त्याच्या हातांना डाग लागत नाही, खटला मात्र चालतोच. फक्त तिला ओळखत नसलेला कोणीतरी तो चालवतो. तिच्यासाठी ते अधिक वाईट. तिने घडवलेला माणूस ऐन वेळी तोंड फिरवून निघून गेला, एवढंच तिच्या पदरी पडलं असतं. आणि तिला सोडवायला त्याने कायदा वाकवला, तर ज्यासाठी तिने सगळं केलं तेच मातीमोल. त्याला तिसरी वाट सापडत नाही. शेवटी तो जीव देतो, ते मला हार वाटत नाही. ऋण फेडायला त्याच्याकडे उरलेलं ते एकमेव चलन होतं. हे पटावंच असं नाही. मला स्वतःला त्याने जगायला हवं होतं असं दर वेळी वाटतं.

हा स्वसंरक्षणाचा खटला होऊ शकला नसता का?

आपल्या कायद्याच्या नजरेने बघितलं तर वकिलाने तो मुद्दा नक्की मांडला असता. भारतीय दंड संहितेच्या १००व्या कलमात, आता भारतीय न्याय संहितेच्या ३८व्या कलमात, बलात्काराच्या हेतूने हल्ला झाला तर हल्लेखोराचा जीव जाईपर्यंत प्रतिकाराचा हक्क आहे. पण ती स्वतःहून त्याच्या घरी परत गेली होती, ही गोष्ट समोरच्या बाजूने लावून धरली असती. सिनेमात मात्र ती बचाव मांडायला कोर्टात आलेलीच नाही.

ही मूळ कादंबरी आहे ना? सिनेमा तिच्याशी किती प्रामाणिक आहे?

मूळ कथा इझुमी क्योका यांची, नाव 'गिकेत्सु क्योकेत्सु'. मराठीत 'कर्तव्याचं रक्त, बाण्याचं रक्त' असं काहीसं होईल. १८९४ मध्ये ती 'योमिउरी' वर्तमानपत्रात क्रमशः आली. क्योका तेव्हा जेमतेम एकवीस वर्षांचे. त्याच वर्षाच्या सुरुवातीला वडील गेले होते, घरी कानाझावात दारिद्र्य आलं होतं, जीव द्यायचे विचार मनात घोळत होते. त्यांचे गुरू ओझाकी कोयो यांनी धीर दिला आणि या कथेवर स्वतः हात फिरवून ती छापून आणली. दुसऱ्याच्या आधारावर शिकणारा गरीब मुलगा त्यांना कल्पनेतून आणावा लागला नसणार.

फरक आहेत आणि मोठे आहेत. कथेत सुरेफेक्यांनी लुटल्यावर शिराइतो भान हरपून एका अनोळखी घरात शिरते आणि तिथल्या निरपराध नवराबायकोचा जीव घेते. तिथे कोर्टात किन्या तिला खरं बोलायला लावतो, तिला फाशीची शिक्षा होते आणि त्याच रात्री तो आपल्या खोलीत जीवन संपवतो. सिनेमात बळी सावकार आहे, त्यामुळे आपली सहानुभूती तिच्याकडे आपोआप वळते. कथेतली शिराइतो जास्त अवघड आहे. तिला माफ करताना हात थरथरतो. मला सिनेमा आवडतो, पण या एका बाबतीत क्योकांची हिंमत मोठी.

मधला टप्पा नाटकाचा. १८९५ मध्येच ही गोष्ट रंगमंचावर आली आणि 'शिन्पा' म्हणजे काबुकी या पारंपरिक नाट्यप्रकाराहून वेगळ्या, समकालीन विषयांच्या रंगभूमीवर ती कायमची रुळली. आपल्याकडे जुन्या संगीत नाटकांचे पुन्हा पुन्हा प्रयोग होत तसं. सिनेमेही बरेच झाले: १९५२ मध्ये क्यो माचिको आणि १९५६ मध्ये वाकाओ आयाको यांनी शिराइतो केली.

मिझोगुचींच्या सिनेमांत नेहमी पुरुषासाठी झिजणाऱ्या बायकाच का असतात?

याचं उत्तर त्यांच्या घरात आहे. मिझोगुचींचा जन्म १८९८चा. रशिया-जपान युद्धाच्या वेळी वडिलांनी सैनिकांसाठी रेनकोट करायचा धंदा काढला आणि तो बुडाला. घरातली मोठी मुलगी, केंजीची बहीण सुझू, दत्तक म्हणून दिली गेली आणि पुढे तिला गेशा, म्हणजे नाचगाण्याने पाहुण्यांची करमणूक करणारी कलावंतीण, व्हावं लागलं. आई गेल्यावर धाकट्या भावंडांना याच बहिणीने सांभाळलं, भावाला नोकरीची वाट दाखवली. एका बाईच्या पैशावर उभा राहिलेला पुरुष, ही मिझोगुचींसाठी वाचलेली गोष्ट नव्हती.

इरिए ताकाको पुढे कुठे दिसली नाही?

दिसली, पण ही वेदनेची गोष्ट आहे. जन्म १९११चा, उमराव घराण्यातला. तिचे वडील व्हायकाउंट. १९३२ मध्ये, विशीत असताना, तिने स्वतःच्या नावाची निर्मितीसंस्था काढली. नटीने असं करणं तेव्हा फार दुर्मीळ होतं. या सिनेमाच्या पटकथेत तिच्या भावाचाही हात आहे. पडद्यावर स्वतःच्या कमाईवर मंडळी चालवणारी शिराइतो आणि पडद्यामागे हा सगळा डोलारा सांभाळणारी ताकाको: तिच्या चालण्या-बोलण्यातला तो ताठा बघताना हे आठवतंच.

युद्धानंतर तिचे दिवस फिरले. भुताच्या मांजरीच्या भीतिपटांत ती मांजरी झाली. १९५५ मध्ये मिझोगुचींनी तिला 'योकिही' या सिनेमासाठी घेतलं आणि सेटवर सगळ्यांसमोर तिच्या अभिनयाला मांजरीच्या सिनेमांवरून इतकं घालूनपाडून बोलले की तिने काम सोडलं. ज्या बाईने आपल्या संस्थेतून त्यांना हा सिनेमा करू दिला, तिला. मी मिझोगुचींचा भक्त आहे, तरी हे त्यांना माफ करू शकत नाही. १९६२ मध्ये दिग्दर्शक अकिरा कुरोसावांनी 'सांजुरो'त तिला एका उमराव घरातल्या शांत, मिस्कील बाईची भूमिका दिली. ती जरूर बघा. काही मिनिटांत ती सगळ्या तलवारबहाद्दरांना गप्प करते.

आणि किन्या झालेला नट?

ओकादा तोकिहिकोला क्षय होता. हा सिनेमा आल्यावर वर्षभराच्या आत, जानेवारी १९३४ मध्ये, तो तिसाव्या वर्षी गेला. मागे मुलगी राहिली ती फक्त एक वर्षाची. वडील कोण हे तिला सांगितलं गेलं नव्हतं. शाळेत असताना निइगाताला तिने हाच सिनेमा पाहिला, घरी येऊन आईला त्याबद्दल सांगितलं, तेव्हा आई म्हणाली की तो तुझा बाप. ती मुलगी म्हणजे पुढची मोठी नटी ओकादा मारिको, जी ओझूंच्या शेवटच्या सिनेमांतही आहे. बाप आणि लेक दोघांची पडद्यावरची नावं कादंबरीकार तानिझाकी यांनी ठेवलेली.

१९३३ मध्ये मूकपट? बोलपट तर आले होते ना?

आले होते. जपानचा पहिला यशस्वी बोलपट १९३१चा. पण तिथला मूकपट कधी मुका नव्हताच. पडद्याशेजारी 'बेन्शी' उभा राहून सगळ्या पात्रांचे आवाज काढायचा, गोष्ट सांगायचा, हुंदकेही द्यायचा. कीर्तनकार डोळ्यांसमोर आणा, फक्त मागे चित्रं हलताहेत. लोक नटापेक्षा बेन्शीचं नाव वाचून तिकीट काढत. बोलपटांनी त्यांची रोजीरोटी घालवली, संप झाले. कुरोसावांचा मोठा भाऊ हेइगो बेन्शी होता. त्याने जुलै १९३३ मध्ये आत्महत्या केली. हा सिनेमा त्याच उन्हाळ्यातला आहे.

आपल्या 'सावकारी पाश'सारखा आहे का?

बाबूराव पेंटरांचा १९२५चा 'सावकारी पाश' आठवणं साहजिक आहे. तोही मूकपट, त्यातही सावकार, आणि तरुण शेतकरी झालेले व्ही. शांताराम. पण तिथे सावकार जमीन गिळतो आणि शेतकऱ्याला गाव सोडावं लागतं. इथे नायिकेकडे जमीन नाही, गाव नाही, आहे ती कला आणि शब्द. शिवाय कोल्हापूरचा तो मूकपट आज उपलब्ध नाही. 'शिराइतो' निदान बघता येतो.

कुठे आणि कोणती प्रत बघावी?

वेगवेगळ्या प्रतींची लांबी वेगवेगळी आहे, साधारण दीड ते पावणेदोन तास. काहींत शेवटचा भाग तुटलेला आहे, त्यामुळे पुलावरचा प्रसंग न येताच सिनेमा संपला तर गोंधळू नका. 'डिजिटल मीम'च्या 'टॉकिंग सायलेंट्स' मालिकेच्या पहिल्या डीव्हीडीत हा बेन्शीच्या निवेदनासह मिळतो. सावातो मिदोरी या आजच्या बेन्शी. जपानी कळत नसलं तरी त्यांचा आवाज चालू ठेवा आणि खाली उपशीर्षकं वाचा. आवाज बंद करून, नुसती चित्रं बघणं ही या सिनेमाची अर्धी ओळख.

मुलांना दाखवावा का?

बारा-तेरा वर्षांपुढच्यांना, शेजारी बसून. रक्तपात डोळ्यांवर येत नाही, पण दोन आत्महत्या आहेत आणि त्यावर बोलावं लागतं.

आवडला तर पुढे काय?

१९३५चा 'ओरिझुरू ओसेन'. तोही क्योकांच्या कथेवरचा, तिथे बाई वैद्यकीच्या विद्यार्थ्यासाठी झिजते. मग 'नानिवा एरेजी', आणि त्यानंतर सावकाश १९५४चा 'सांशो दायू'. उलट क्रमाने बघू नका.

कानाझावाला गेलो तर काही बघण्यासारखं आहे?

आहे. आसानो नदीच्या काठी, उमेनोहाशी या लाकडी वळणाच्या पुलाजवळ शिराइतोचा छोटा पुतळा आहे. तिथून चालत जाण्याच्या अंतरावर क्योकांच्या जन्मघराच्या जागेवर त्यांचं स्मारक संग्रहालय आहे. लोक चेरी फुलतात तेव्हा जातात. मी म्हणेन जानेवारीत जा. आभाळ खाली आलेलं असतं, बर्फ आणि पाऊस आलटून पालटून पडतात. बोटं गार पडली की हातमोजे काढून, हातावर पाणी घेऊन पाच मिनिटं पंखा फिरवायची कल्पना करून बघा.